तुरुंग पक्क्यांसाठी, मुक्काम कच्च्यांचा

संपादक महोदय,

एखादा बडा माणूस तुरुंगात गेला की वाचकांच्या पत्रव्यवहारात दोन मागण्या ठरलेल्या असतात. कैद्यांना फुकट पोसू नका, खडी फोडायला लावा, ही एक. घरचा डबा बंद करा, ही दुसरी. राग समजण्यासारखा आहे, पण तो ज्या कैद्यावर काढला जातो तो आपल्या तुरुंगांत अल्पसंख्य आहे. राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाच्या आकडेवारीप्रमाणे २०२२ च्या अखेरीस देशभरच्या तुरुंगांत ५,७३,२२० माणसे होती आणि जागा होती ४,३६,२६६ जणांची. त्यांपैकी ४,३४,३०२ जण कच्चे कैदी, म्हणजे ज्यांचा खटला संपलेला नाही. काहींचा तर सुरूही झालेला नाही. शिक्षा झालेले सगळे कैदी उद्या सोडून दिले, तरी उरलेल्या कच्च्या कैद्यांनीच देशातले तुरुंग जवळपास पूर्ण भरतील.

कोर्टाने सक्तमजुरी सुनावली नसेल तर माणसाला कामाला जुंपता येत नाही. घरचा डबा ही अलीकडची मेहेरबानीही नाही. १८९४ च्या तुरुंग कायद्याच्या कलम ३१ मध्ये इंग्रजांनीच ती मुभा लिहून ठेवली: ज्याचा गुन्हा शाबीत झालेला नाही त्याला स्वतःच्या खर्चाने अन्न, कपडे, अंथरूण बाहेरून घेता येईल. प्रत्यक्षात त्यासाठी कोर्टाची परवानगी काढावी लागते, तीसाठी वकील लागतो, म्हणून डबा बड्यांचाच दिसतो. गैरसोय तिथे आहे, डब्यात नाही.

आपला तुरुंग शिक्षा झालेल्या माणसासाठी आखला गेला आणि त्यात राहतो मात्र दुसराच कोणी. तुरुंगाबद्दलच्या बहुतेक तक्रारींचे मूळ या एका विसंगतीत आहे, आणि तिच्यावर छापून फार कमी येते, म्हणून हे पत्र.

थोडा इतिहास लागेल. पेशवाईत किल्ला हाच तुरुंग होता. सखारामबापू बोकिलांसारखा कारभारीसुद्धा अखेर किल्ल्यावरच्या कैदेत गेला. कैदेची मुदत धन्याच्या मर्जीवर असे. वर्षे आणि महिने मोजून शिक्षा भोगायची जागा म्हणजे तुरुंग, ही कल्पना आपल्याकडे कंपनी सरकारच्या अमलात रुजली. १८३६ साली नेमलेल्या समितीत मेकॉले होता. तिने १८३८ च्या अहवालात कैद्यांना रस्त्याच्या कामावर नेण्याची पद्धत बंद करायला सांगितली, ती दयेपोटी नव्हे. बाहेरच्या कामात शिस्त राहत नाही आणि शिक्षेचा धाक उरत नाही, हे कारण. भिंतीआड एकसुरी, कंटाळवाणे काम द्या, शिक्षण आणि मोबदला यांच्या नादी लागू नका, मोठी मध्यवर्ती कारागृहे बांधा आणि प्रांताला एक महानिरीक्षक नेमा, असा तिचा सल्ला होता. येरवड्यासारखी कारागृहे याच विचारातून उभी राहिली. पुढे या श्रमांना बाजार मिळाला. विंडसर राजवाड्याच्या वॉटर्लू दालनातला अवाढव्य गालिचा आग्र्याच्या तुरुंगातल्या कैद्यांनी विणलेला आहे.

१८९४ च्या कायद्याचा भर कुठे आहे ते त्याच्या बारकाव्यांवरून कळते. सक्तमजुरीच्या कैद्याकडून दिवसाला नऊ तासांपेक्षा जास्त काम घेऊ नये. नियम मोडला तर गोणपाटाचे कपडे, कमी केलेला आहार, एकांतवास, आणि फटके जास्तीत जास्त तीस. वेत किती जाड असावा हेही लिहिले आहे: व्यास अर्ध्या इंचापेक्षा कमी नसावा. आता याच कायद्यात कच्चा कैदी शोधा. त्याला पक्क्या, म्हणजे शिक्षा झालेल्या, कैद्यांपासून वेगळे ठेवा, स्वतःचे अन्न-कपडे घेऊ द्या, वकिलाशी तिसऱ्या माणसाच्या गैरहजेरीत बोलू द्या. संपले. त्याने दिवसभर काय करायचे, याबद्दल अवाक्षर नाही. तो इतके दिवस राहील असे कायदा लिहिणाऱ्यांनी धरलेच नसावे.

१९१९-२० च्या कार्ड्यू समितीने कैद्याची सुधारणा हे तुरुंगाचे काम असल्याचे प्रथम स्पष्टपणे म्हटले. त्याच सुमारास तुरुंग हा विषय प्रांतांकडे गेला आणि राज्यघटनेतही तो राज्य सूचीतच राहिला. पुढे १९८० ते ८३ ची मुल्ला समिती, २००३ आणि २०१६ च्या आदर्श नियमावल्या, २०२३ चा केंद्राचा आदर्श कायदा. कागद पुष्कळ झाले. बदलाची दिशाही चांगली होती, पण सुधारणेच्या जवळजवळ सगळ्या वाटा पक्क्या कैद्याच्या अंगणातून जातात.

पक्क्याला काय मिळते ते पाहा. काम मिळते: सुतारकाम, यंत्रमाग, बेकरी, शेती, येरवड्यात छापखाना. कामाची मजुरी मिळते, जरी ती महाराष्ट्रात दिवसाला शंभरीच्या आतच आहे. ही मजुरी न्याय्य असली पाहिजे, खाण्यापिण्याचा खर्च कापता येईल, पण उरते ती रक्कम नाममात्र नसावी, असे सर्वोच्च न्यायालयाने १९९८ सालीच सांगितले आहे. चांगली वागणूक आणि काम यांबद्दल शिक्षेत माफी मिळते. संचित रजा (फर्लो) आणि अभिवचन रजा (पॅरोल) मिळते. यांपैकी संचित रजेचे दिवस शिक्षेत धरले जातात, अभिवचन रजेचे धरले जात नाहीत. घरी आजारपण किंवा मयत झाल्यावर काढलेली रजा शिक्षेच्या शेवटी भरून द्यावी लागते, हे नातेवाइकांच्या फार उशिरा लक्षात येते. त्यापुढे खुले कारागृह आहे. आटपाडीजवळचे स्वतंत्रपूर १९३९ साली औंध संस्थानात सुरू झाले, तिथे कैदी कुटुंबासह राहून शेती करू शकतो. पैठणचे खुले कारागृह १९६८ पासून आहे.

कच्च्याला यातले काही नाही. काम मागता येते, पण मिळेलच असे नाही. माफी नाही, रजा नाही, खुले कारागृह नाही. पुढे शिक्षा झाली तर आत काढलेले दिवस त्यातून वजा होतात, त्याला सगळे ‘सेट-ऑफ’ म्हणतात. पण त्या दिवसांची माफी मात्र कमावलेली नसते. म्हणजे तेवढीच शिक्षा झालेल्या दोघांत खटला लवकर संपलेला माणूस आधी सुटतो. (जाता जाता: कच्चा कैदी आतून निवडणूक लढवू शकतो, पण मत देऊ शकत नाही.)

त्याचा दिवस कसा जातो? बहुतेक कारागृहांत पहाटे गिनती (कैद्यांची मोजणी) होऊन बराकी उघडतात, सकाळी चहा-नाश्ता, साडेदहाच्या आसपास दुपारचे जेवण, बारा ते तीन पुन्हा बंदी (बराकींना कुलूप), चार-साडेचारला रात्रीचे जेवण, सहाच्या आत संध्याकाळची बंदी. जेवण इतके लवकर का, तर बंदीनंतर स्वयंपाकघर आणि बराक यांच्यामध्ये कोणाला हलवायचे नसते. नियमावलीत पुरुष कैद्याच्या रोजच्या आहाराचे माप २,३२० ते २,७३० किलोकॅलरी आहे आणि कागदावर ते भरते. पण साडेचारला घेतलेली डाळ-चपाती रात्री आठला खाल्ली जाते, आणि पुढचा घास सकाळी. उन्हाळ्यात ती डाळ आंबते. तक्रार बहुतेक वेळा अन्न कमी असल्याची नसते, अन्नाच्या वेळेची असते. गिनती जुळली नाही तर सगळेच थांबते: तारखेला निघालेली माणसे, मुलाखतीला आलेले नातेवाईक, दवाखान्यात जायची रांग.

जागेबद्दल एक हिशेब वाचकांनी स्वतः करून पाहावा. २०१६ च्या नियमावलीप्रमाणे बराकीत माणशी ३.७१ चौरस मीटर, म्हणजे साधारण ४० चौरस फूट जागा हवी. १८६४ च्या समितीने सांगितलेले माप होते ५४ चौरस फूट. दीडशे वर्षांत मापच खाली आले, हे एक. आता पन्नास जणांच्या बराकीत शंभर निजवले की माणशी २० चौरस फूट उरतात: साडेसहा फूट लांब, तीन फूट रुंद. त्यातून ये-जा करायची वाट आणि शौचालयाचा कोपरा वजा करा, म्हणजे एकाने कूस बदलली की ओळीतल्या सगळ्यांना बदलावी लागते, हे ऐकीव वाक्य गणितानेच सिद्ध होते. पंख्याखालची जागा जुन्याला, शौचालयाजवळची नव्याला, हा वाटपाचा अलिखित नियम.

अशा जागेत खरूज आली की जात नाही, आणि ती का जात नाही हे कच्च्या कैद्यांच्या प्रश्नाचे चांगले उदाहरण आहे. औषध साधे आहे: पर्मेथ्रिनचे मलम मानेपासून पायाच्या तळव्यापर्यंत रात्री लावायचे, सकाळी धुवायचे, आठवड्याने पुन्हा तेच. पण एकट्यादुकट्याला लावून उपयोग नसतो. बराकीतल्या सगळ्यांना एकाच रात्री लावावे लागते आणि त्याच दिवशी कपडे, चादरी, घोंगड्या गरम पाण्यात धुऊन कडक उन्हात घालाव्या लागतात. शिक्षा झालेल्यांच्या बराकीत हे जमते, कारण माणसे तीच असतात. कच्च्यांच्या बराकीत रोज चार नवे येतात, तीन सुटतात. पहिली आणि दुसरी मात्रा यांच्यामधल्या आठवड्यात माणसे बदललेली असतात. डॉक्टर कामचुकार नसतात, बराक स्थिर नसते.

जेवणावरून एक आडवळण घेतो, कारण ते अलीकडच्या निकालापर्यंत येते. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत कैद्यांना रोख भत्ता मिळे आणि ते आपापले शिजवून खात. सरकारने सामाईक भटारखाने सुरू केले तेव्हा बिहारमध्ये दंगे झाले. १८५५ साली आरा आणि मुझफ्फरपूरला पितळी लोटे काढून मातीची भांडी देण्यावरून उठाव झाला, कारण मातीचे भांडे दुसऱ्याच्या हाताने विटाळते अशी समजूत होती. सरकारने यातून सोयीचा धडा घेतला: स्वयंपाक अमुक जातीचा करील, झाडू-सफाई तमुक जातीकडे, असे नियमच नियमावल्यांत शिरले आणि कित्येक राज्यांत स्वातंत्र्यानंतरही राहिले. मुंबईच्या पत्रकार सुकन्या शांता यांच्या याचिकेवर ३ ऑक्टोबर २०२४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ते घटनाबाह्य ठरवले आणि तुरुंगाच्या नोंदवह्यांतला जातीचा रकाना काढून टाकायला सांगितला. काही जमातींना जन्मजात गुन्हेगार ठरवणाऱ्या १८७१ च्या गुन्हेगार जमाती कायद्याचा वारसा सांगणाऱ्या नोंदींनाही त्या निकालाने चाप लावला. तो कायदा १९५२ साली रद्द झाला. सोलापूरची तारेच्या कुंपणातली सेटलमेंट, म्हणजे या जमातींना डांबून ठेवण्याची वसाहत, ज्यांच्या आजोबा-पणजोबांनी भोगली त्यांना हे वेगळे सांगायला नको. संशयित म्हणून आजही कोणाला आधी उचलले जाते, हा मुद्दा पुढच्या हिशेबात लागणार आहे.

तो हिशेब भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या, म्हणजे नव्या फौजदारी प्रक्रिया कायद्याच्या, कलम ४७९ चा. जुन्या कायद्यात २००६ पासून कलम ४३६-अ होते: ज्या गुन्ह्याचा आरोप आहे त्याच्या कमाल शिक्षेपैकी निम्मी मुदत आत गेली की जामीन. १ जुलै २०२४ पासून नव्या कलमाने पहिल्यांदाच आरोपी झालेल्यासाठी ही मुदत एक तृतीयांशावर आणली, आणि ऑगस्ट २०२४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हा लाभ त्याआधी दाखल झालेल्या खटल्यांनाही दिला. साध्या चोरीला कमाल तीन वर्षे. म्हणजे पहिल्या वेळच्या आरोपीला एक वर्षाने, इतरांना दीड वर्षाने. राहत्या घरातल्या चोरीला सात वर्षे, म्हणजे दोन वर्षे चार महिने किंवा साडेतीन वर्षे. फाशी किंवा जन्मठेपेची तरतूद असलेल्या गुन्ह्यांना हे लागू नाही, आणि आरोपीनेच लावलेला विलंब मुदतीतून वजा होतो. मुदत भरताच कोर्टात लेखी अर्ज करण्याची जबाबदारी नव्या कायद्याने थेट तुरुंग अधीक्षकावर टाकली आहे. कैद्याला वकील असो वा नसो.

वाचायला उत्तम. अडते कुठे? पहिली अडचण नोंदीची. तुरुंगाच्या दप्तरात कलमे येतात ती पहिल्या रिमांडच्या वॉरंटावरून (कोठडीत पाठवतानाच्या आदेशावरून), म्हणजे गुन्हा नोंदवतानाची. आरोपपत्रात त्यातले जड कलम गळाले तरी बऱ्याचदा ते तुरुंगाला कळत नाही आणि मुदत जुन्याच कलमावर मोजली जाते. दुसरी अडचण कायद्यातच आहे: एकाहून अधिक गुन्ह्यांचा किंवा खटल्यांचा तपास वा सुनावणी चालू असेल तर हा लाभ नाही. किरकोळ चोऱ्यांत उचललेल्या माणसावर एका अटकेत तीन-चार जुनी प्रकरणे चढवली जातात, ही पोलीस ठाण्यात कोणालाही नवी नसलेली गोष्ट आहे. पारधी वस्तीतला मुलगा आणि मोठ्या रकमेचा एकच घोटाळा केलेला गृहस्थ यांत कलम ४७९ कोणाच्या जास्त उपयोगाचे, हे वाचकांनीच ठरवावे.

तिसरी अडचण मला सर्वांत गंभीर वाटते, आणि तिची चर्चा जवळजवळ होतच नाही. किरकोळ गुन्ह्यातल्या कच्च्या कैद्याला आत सहा-आठ महिने झाले की बराकीतले जुने, कधी वकीलही, एक सल्ला देतात: कबूल करून टाक. कोर्ट ‘भोगली तेवढी शिक्षा’ म्हणून सोडून देते आणि माणूस आठवड्यात घरी जातो. जामीनदार लागत नाही, तारखा संपतात. गुन्हा केलेला असो वा नसो, व्यवहार म्हणून हा सल्ला पटतो. पण कलम ४७९ मध्ये पहिल्या वेळचा आरोपी म्हणजे ज्याला पूर्वी कोणत्याही गुन्ह्यात दोषी ठरवलेले नाही असा माणूस. कबुलीच्या क्षणी ही पायरी कायमची जाते. पुढच्या वेळी, खऱ्या किंवा खोट्या संशयावरून उचलला गेला, की त्याच्यासाठी एक तृतीयांश नाही, निम्मी मुदत. शिवाय नोकरीसाठीच्या चारित्र्य पडताळणीत शिक्षेची नोंद दिसते ती वेगळीच. कबुली नोंदवण्याआधी आरोपीला हे त्याच्या भाषेत कोणी समजावते का? मोफत कायदा साहाय्याच्या वकिलाचे हे पहिले काम असायला हवे.

तारखेचे काय? खटला चालू असताना कोर्टाला एका वेळी पंधरा दिवसांपेक्षा जास्त कोठडी देता येत नाही, म्हणून साधारण दर चौदा दिवसांनी तारीख येते. आदल्या संध्याकाळी तुरुंगाचे कार्यालय तारखांची यादी काढून पोलीस मुख्यालयाकडे कैदी पार्टी, म्हणजे कैद्यांना कोर्टात नेणारे पोलीस, मागते. मागणी पन्नासांची आणि गार्ड आले वीस जणांपुरते, की गंभीर गुन्ह्यांतले आधी जातात, उरलेल्यांची हजेरी व्हीसीवर (व्हिडिओ कॉन्फरन्सिंगवर). पडद्यावर चेहरा दिसला, पुढची तारीख पडली. कोठडी कायद्याप्रमाणे वाढते, पण आरोप निश्चित होत नाही, साक्षीदार येऊन परत जातो आणि वकिलाशी दोन शब्द बोलायची संधीही जाते. व्हीसीने पोलिसांचा त्रास वाचला हे खरे. खटला पुढे सरकतो असे समजू नये.

आणि जामीन मिळाल्यावर? बातमी तिथे संपते, कुटुंबाची धावपळ तिथे सुरू होते. आदेशात असते, ‘पंधरा हजारांच्या जातमुचलक्यावर आणि तेवढ्याच रकमेच्या एक किंवा दोन सक्षम जामीनदारांवर’. जातमुचलका म्हणजे आरोपीने स्वतः लिहून दिलेली हमी. जामीनदाराचे ओळखपत्र, रहिवासाचा पुरावा, फोटो, आणि ऐपतीसाठी पगारपत्रक, सातबारा किंवा घरपट्टीची पावती. काही कोर्टे तहसीलदाराचा ऐपत दाखला मागतात. मग पोलीस ठाण्याकडून पत्त्याची पडताळणी. बांधकामावरच्या बिहारी मजुराला किंवा फुटपाथवर राहणाऱ्या बाईला असा जामीनदार कुठून मिळणार? यातूनच कोर्टाबाहेर भाड्याच्या जामीनदारांचा धंदा चालतो, आणि तो पकडला गेला की सुटलेला माणूस पुन्हा आत. काही कोर्टे रोख रक्कम भरून घेऊन चार-सहा आठवड्यांत जामीनदार आणायची सवलत देतात. ती आपोआप मिळत नाही, अर्जात मागावी लागते.

बंधपत्र मंजूर झाले की सुटकेचा आदेश तुरुंगाच्या फाटकावरच्या पेटीत पडतो. पेटी ठरलेल्या वेळी उघडते. त्यानंतर आलेला कागद दुसऱ्या दिवशीचा. आत तो नोंदवहीशी ताडून पाहतात: नाव, वडिलांचे नाव, पोलीस ठाणे, गुन्हा रजिस्टर नंबर, कलमे, कोर्टाचा खटला क्रमांक. एक आकडा चुकला, आदेशात ‘शेख’ आणि वॉरंटावर आडनावच नाही, एक कलम लिहायचे राहिले, की आदेश परत कोर्टात. दुसऱ्या प्रकरणातले प्रॉडक्शन वॉरंट (त्या कोर्टात हजर करण्याचा आदेश) पडून असेल तर या प्रकरणात सुटलेला माणूस आतच राहतो, आणि हे बहुतेक वेळा फाटकाबाहेर उभ्या बायकोला संध्याकाळी कळते. तेव्हा जामिनाच्या अर्जाआधीच वकिलाने तुरुंगातून सगळ्या वॉरंटांची यादी घ्यावी आणि आदेशाची प्रत मिळताच प्रत्येक आकडा वॉरंटाशी लावून पाहावा.

यावर उपाय सांगून झालेले आहेत. मध्य प्रदेशातल्या एका गवंड्याकडून दहा हजारांचा जामीनदार मागितला गेला आणि भावाची मालमत्ता दुसऱ्या जिल्ह्यात म्हणून तो नाकारला गेला, त्या मोतीराम प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९७८ सालीच अशा अटींवर ताशेरे ओढले. जामीनपात्र गुन्ह्यात आठवडाभर जामीनदार देता आला नाही तर माणूस गरीब आहे असे धरून त्याला जातमुचलक्यावर सोडावे, हे कायद्यातच आहे. सर्वोच्च न्यायालयाच्या ३१ जानेवारी २०२३ च्या आदेशाने बाकीचे बांधून दिले: जामिनाची प्रत त्याच दिवशी किंवा दुसऱ्या दिवशी ईमेलने तुरुंगाला, सात दिवसांत सुटका झाली नाही तर अधीक्षकाने जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाच्या (मोफत वकील देणाऱ्या यंत्रणेच्या) सचिवाला कळवायचे, महिनाभरात बंधपत्र झाले नाही तर कोर्ट स्वतःहून अट सैल करण्याचा विचार करू शकते, स्थानिकच जामीनदार हवा ही अट घालू नये. २०२३ मध्येच केंद्राची गरीब कैद्यांसाठीची योजना आली. तीतून कच्च्या कैद्याच्या जामिनासाठी आणि शिक्षा झालेल्याच्या दंडासाठी जिल्हा समिती रक्कम मंजूर करू शकते; २०२३ च्या मूळ नियमांत ही मर्यादा अनुक्रमे चाळीस आणि पंचवीस हजारांची होती. एवढे असून माणसे अडकतात, कारण सातव्या दिवशी कोणी कोणाला कळवले का हे पाहणारा बाहेरचा कोणी नाही.

इथे वृत्तपत्रांकडे यावे लागते. १९७९ साली ज्येष्ठ पोलीस अधिकारी के. एफ. रुस्तमजी यांचे बिहारच्या कच्च्या कैद्यांवरचे लेख इंग्रजी दैनिकात आले नसते तर हुसैनारा खातून खटला उभाच राहिला नसता आणि हजारो माणसे शिक्षेच्या मुदतीहून जास्त काळ आत राहिली असती. मुंबईच्या तुरुंगात पंधरा बायकांशी बोलून पत्रकार शीला बारसे यांनी लिहिलेले पत्र सर्वोच्च न्यायालयाने याचिका मानले, १९८३ मध्ये त्यावर निकाल दिला आणि कच्च्या कैद्यांची यादी विधी सेवा समितीकडे पाठवण्याची पद्धत त्यातून सुरू झाली. तुरुंगातल्या बदलांपैकी किती तरी बातमीदारीमुळे झाले आहेत, अधिवेशनातल्या भाषणांमुळे तितके नाहीत.

म्हणून आपल्या जिल्हा वार्ताहरांना एक विनंती. जिल्हा न्यायाधीश, जिल्हाधिकारी, पोलीस अधीक्षक, विधी सेवा प्राधिकरणाचे सचिव आणि तुरुंग अधीक्षक यांची कच्च्या कैद्यांबाबतची आढावा समिती दर तीन महिन्यांनी बसते. तिच्या बैठकीनंतर चार आकडे मागावेत: जामीन होऊन सात दिवस उलटले तरी आत असलेले किती, येत्या तीन महिन्यांत ज्यांची एक तृतीयांश किंवा निम्मी मुदत भरते ते किती आणि त्यांपैकी किती जणांचे अर्ज अधीक्षकांनी कोर्टात दिले, गार्ड नाहीत म्हणून तारखेला न गेलेले किती, गरीब कैदी योजनेतून किती जणांची रक्कम मंजूर झाली. हे आकडे गोपनीय नाहीत. तोंडी मिळाले नाहीत तर अधीक्षक कार्यालयाच्या जनमाहिती अधिकाऱ्याकडे माहिती अधिकारात अर्ज करावा, उत्तराची मुदत तीस दिवसांची आहे.

आणि ज्यांच्या घरचे कोणी आत आहे त्यांच्यासाठी: कोठडीत असलेल्या माणसाला मोफत वकील मिळण्यासाठी उत्पन्नाची अट नाही. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याने तो त्याचा हक्क आहे. प्राधिकरणाचे कार्यालय जिल्हा न्यायालयाच्या आवारातच असते आणि देशभरासाठी मदत क्रमांक १५१०० आहे. जाताना गुन्हा रजिस्टर नंबर, पोलीस ठाण्याचे नाव, अटकेची तारीख आणि पुढची तारीख एका कागदावर लिहून न्यावी.

आपला,
मोफत कायदा साहाय्याच्या कामातील एक वाचक, पुणे